पारा आटवून सोनं होत नाही

‘पाऱ्यात ठरावीक मुळीचा रस घालून आटवला की सोनं होतं, ही विद्या घातक म्हणून दडपली गेली’ हा मेसेज आमच्या नौपाड्यातल्या ग्रुपवर वर्षानुवर्षं फिरतोय.

पाऱ्याच्या अणूत ८० प्रोटॉन, सोन्याच्या ७९. फरक एकाचाच, त्यामुळे हे सहज पटतं. पण प्रोटॉन असतात अणूच्या केंद्रकात, म्हणजे गाभ्यात, आणि भट्टीची आच त्या केंद्रकाला धक्काही लावू शकत नाही.

मग मुशीत पिवळा मणी येतो कुठून? पारा सोनं विरघळवतो. थोडं सोनं आधीच मुरवलेला पारा नेहमीसारखाच चकचकीत दिसतो. ३५७ अंश सेल्सिअसला पारा उकळून उडून जातो आणि सोनं तळाशी उरतं. बघणाऱ्याने हे स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेलं असतं. त्याचा विश्वास बसला तर नवल नाही.

पडताळण्यासाठी कृपा करून घरी पारा तापवू नका. त्याची वाफ दिसत नाही, वास येत नाही, आणि मेंदू व मूत्रपिंडांना इजा करते. मणी जांभळी नाक्यावरच्या एखाद्या सराफाकडे न्या, कसोटीवर घासून घ्या. पितळ असेल तर तिथेच कळेल. सोनं निघालं, तर पारा कुणाच्या बाटलीतला होता ते विचारा.