परवाभ्रम

परवाभ्रम : माणसाचा काळाशी असलेला सांधा निखळण्याची एक काल्पनिक व्याधी. वैद्यकात असा रोग नाही. तिला टेकू म्हणून घेतलेल्या गोष्टी मात्र खऱ्या आहेत. रोग्याला घड्याळ वाचता येते, वार-तारीख सांगता येते, कॅलेंडरवरची एकादशीही तो बोट ठेवून दाखवतो. एखादी गोष्ट होऊन गेली की अजून व्हायची आहे, एवढेच त्याला उमगत नाही.

नाव पडले आहे मराठीच्याच एका खोडीवरून. ‘परवा’ हा शब्द कालच्या आदल्या दिवसाला लागतो आणि उद्यानंतरच्या दिवसालाही. ‘तेरवा’चेही तसेच. तरी आपली गफलत होत नाही, कारण क्रियापद शेवटी येऊन गुंता सोडवते : परवा आलो, परवा येईन. परवाभ्रमात नेमके हे क्रियापद गळते. ‘पर्वा नसणे’ याच्याशी नावाचा संबंध नाही. या रोग्याला पर्वा असलीच तर जरा जास्तच असते.

कल्पनेतला रोगी कोल्हापूरचा आहे. पंचगंगेकडच्या उतारावर घर, दोन म्हशी, आणि सकाळ-संध्याकाळ गंगावेशीच्या दूध कट्ट्यावर गिऱ्हाइकासमोर धार काढून पेला पुढे करायचा, हा व्यवसाय. घरात सगळे त्याला आबा म्हणतात. ऐन मे महिन्यात, नदीचे पात्र आटलेले असताना, त्याने धान्याची पोती माळ्यावर चढवली आणि म्हशी सोडून उंचावर नेऊन बांधल्या.

“परवा पाणी दारात,” एवढेच तो म्हणाला.

“आलंवतं का येनार हाय, आबा?” सुनेने विचारले.

“दारात.”

घरच्यांना हसू आले, पण मोकळेपणाने हसताही येईना. राजाराम बंधाऱ्याजवळ पंचगंगेची इशारा पातळी ३९ फूट आणि धोका पातळी ४३ फूट, हे आकडे या शहरात शाळकरी पोरालाही पाठ असतात. २००५, २०१९ आणि २०२१ या तिन्ही वर्षी महापूर आला. २०१९ मध्ये पाणी ५५ फुटांच्या वर गेले होते. अशा ठिकाणी पुराची आठवण आणि पुराचा अंदाज यांत निरोग्यालाही फार अंतर ठेवता येत नाही. आबाने जे अंतर होते तेही पुसले, इतकेच.

रोगाचे स्वरूप कळायला पुरापेक्षा किरणोत्सव अधिक उपयोगी पडतो. अंबाबाईच्या मंदिरात मावळतीची किरणे महाद्वारातून शिरतात, गरुड मंडप ओलांडतात आणि गाभाऱ्यात पोचतात. पहिल्या दिवशी ती देवीच्या पायांना, दुसऱ्या दिवशी मध्यभागाला आणि तिसऱ्या दिवशी मुखाला लागावीत, अशी बांधकामाची योजना मानली जाते. (ढग आणि वाटेतली बांधकामे आडवी आली की चुकामूक होते.) हा सोहळा वर्षातून दोनदा येतो : ९ ते ११ नोव्हेंबर आणि ३१ जानेवारी ते २ फेब्रुवारी. सूर्य दक्षिणेच्या टोकाला पोचतो त्या डिसेंबरच्या २१-२२ तारखेच्या दोन्ही अंगांना साधारण चाळीस-बेचाळीस दिवस मोजले की या तारखा येतात. नोव्हेंबरात सूर्य दक्षिणेकडे निघालेला असतो, फेब्रुवारीच्या तोंडाशी तो परतत असतो, आणि दोन्ही वेळा क्षितिजावर जवळपास त्याच जागी मावळतो. उजेड एकच, दिशा दोन. सूर्याचा ‘परवा’च म्हणायचा हा. गरुड मंडपात उभा असलेला आबा ते किरण पाहून हात जोडतो, पण सूर्य जातोय की येतोय हे त्याला सांगता येत नाही. खरे तर नुसत्या किरणाकडे बघून कुणालाच सांगता येणार नाही.

हा विसराळूपणा नव्हे. डॉक्टर ‘आज वार कोणता, आपण कुठे आहोत’ असे विचारतात. या परीक्षेत आबा पास होतो. लहान मेंदूला इजा झालेल्या काहींना किती वेळ गेला याचा अंदाज येत नाही. तो बिघाडही वेगळा. अंदाज तर धडधाकट माणसाचाही चुकतो. मिशेल सिफ्र हा फ्रेंच भूवैज्ञानिक १९६२ मध्ये घड्याळाविना दोन महिने आल्प्सच्या गुहेत राहिला. १४ सप्टेंबरला बाहेर आला तेव्हा त्याच्या हिशेबाने २० ऑगस्ट होता. पण गेलेले दिवस मागे आणि उरलेले पुढे, याबद्दल त्याला शंका नव्हती.

परवाभ्रमात देहाचे घड्याळ शाबूत असते. डोळ्यांच्या नसा मेंदूच्या तळाशी जिथे एकमेकींना छेदतात, त्याच्या वर पेशींचा एक बारीक पुंजका असतो. झोप-जाग, भूक यांचा चोवीस तासांच्या आसपासचा ठेका तो धरतो. पेशी हा ठेका कसा धरतात ते फळमाश्यांवरील अभ्यासातून उलगडणाऱ्या हॉल, रॉसबॅश आणि यंग यांना २०१७ चे नोबेल पारितोषिक मिळाले. आबाला भूक वेळेवर लागते. ती वेळ सूर्याची की सरकारची, हा वाद वेगळा : भारतीय प्रमाणवेळ ८२.५ अंश पूर्व रेखांशाची आणि कोल्हापूर ७४.२ अंशांच्या आसपास, त्यामुळे इथला सूर्य घड्याळाच्या सुमारे ३३ मिनिटे मागे चालतो.

औषध नाही. तारखा पाठ करून घेणे, भिंतीवर पाटी लावणे यांचा उपयोग होत नाही, कारण तारीख त्याला येतेच. घरच्यांनी शेवटी दुरुस्त करणे सोडून दिले आणि भार म्हशींवर टाकला. धारेची वेळ झाली की थोरली म्हैस रेकते, दाव्याला हिसके देते. आबा उठतो, चरवी घेतो आणि तिच्या मागोमाग कट्ट्याकडे चालू लागतो. म्हशीच्या लेखी आत्ता धार आहे, त्यामुळे आबालाही आत्ता असते. तिथे ओळखीचे गिऱ्हाईक आले की फेसाळलेला पेला त्याच्या हातात देत तो विचारतो, “परवा?”

“व्हय, परवा,” म्हणून गिऱ्हाईक पेला तोंडाला लावते.