दिवसा मिणमिण, रात्री लखलखाट

आंतरराष्ट्रीय अंतराळ स्थानक सुमारे दीड तासात पृथ्वीभोवती एक फेरी मारतं. तिथल्या माणसांपुढे चोवीस तासांत सोळा वेळा सूर्य उगवतो आणि मावळतो. अशा ठिकाणी झोपायची वेळ शरीराला कळणार कशी? अंतराळवीरांची झोप अपुरी पडायची, झोपेच्या गोळ्याही बऱ्याच जणांना घ्याव्या लागायच्या. २०१६पासून नासाने तिथल्या जुन्या दिव्यांच्या जागी एलईडी बसवायला घेतले. त्यांना तीन सेटिंग आहेत (केल्विन हे उजेडाच्या रंगाचं माप, आकडा कमी तेवढा उजेड पिवळसर): एरवीच्या कामासाठी ४५०० केल्विनचा पांढरा, तरतरीसाठी ६५०० केल्विनचा निळसर पांढरा आणि झोपण्याआधी २७०० केल्विनचा मंद, पिवळसर उजेड.

यामागचं शास्त्र तसं नवं आहे. डोळ्यात प्रकाश टिपणाऱ्या पेशी दोनच प्रकारच्या, दंडपेशी आणि शंकुपेशी, असं पिढ्यान्‌पिढ्या शिकवलं गेलं. २००२ साली अमेरिकेतल्या ब्राउन विद्यापीठात डेव्हिड बर्सन आणि सहकाऱ्यांनी उंदरांच्या दृष्टिपटलात तिसरा प्रकार दाखवून दिला. या पेशींमध्ये मेलानोप्सिन नावाचं रंगद्रव्य असतं आणि ४८० नॅनोमीटरच्या आसपासचा निळा प्रकाश ते सर्वांत जास्त टिपतं. माणसाच्या डोळ्यातही त्या आहेत. त्यांचं मुख्य काम चित्र दाखवणं नाही, तर मेंदूतल्या सुमारे २०,००० चेतापेशींच्या एका पुंजक्याला दिवस-रात्रीची खबर देणं. तो पुंजका म्हणजे शरीराचं मुख्य घड्याळ. शरीराला रात्र झाल्याचं सांगणारं मेलाटोनिन हे संप्रेरक कधी स्रवायचं, हे तिथून ठरतं. दृष्टी पूर्ण गेलेल्या काही माणसांचं घड्याळही सूर्याशी जुळलेलं राहतं, ते या पेशी शाबूत असल्यामुळे.

आता आपल्या दिव्यांकडे बघू. प्रकाशयोजना करणारे वर्षानुवर्षं टेबलावर पडणारा उजेड मोजत आले. ऑफिसात ३०० ते ५०० लक्स (लक्स हे पृष्ठभागावर पडणाऱ्या उजेडाचं माप) भरले की झालं. पण घड्याळाच्या दृष्टीने महत्त्वाचं काय, तर डोळ्यात किती उजेड शिरतो. छतातल्या दिव्याचा झोत खाली पडतो, समोर पाहणाऱ्या डोळ्यापर्यंत त्यातला थोडाच पोचतो. २०२२ साली या विषयातल्या संशोधकांनी मिळून मर्यादा सुचवल्या: डोळ्यापाशी दिवसा किमान २५०, झोपेच्या आधीचे तीन तास जास्तीत जास्त १० आणि झोपेत १ मेलानोपिक लक्स. हे लक्स मेलानोप्सिनच्या संवेदनशीलतेनुसार तोललेले असतात, म्हणजे त्यात निळ्या प्रकाशाला जास्त वजन असतं. २७०० केल्विनच्या एलईडीचे ते साध्या लक्सच्या साधारण निम्मे भरतात.

आपल्या घरांत बहुधा याच्या उलट चालतं. बाहेर ऐन पावसाळ्यात आभाळ भरलेलं असतानाही हजारो लक्स असतात, कडक उन्हात तर लाखाच्या घरात. आणि आपण दिवसभर पडदे ओढून आतल्या भिंतीशी बसतो. संध्याकाळी मात्र हॉलमधली ६५०० केल्विनची ट्यूबलाइट अकरापर्यंत जळते, कारण पांढरा म्हणजे जास्त उजेड, हा समज दुकानापासून घरापर्यंत पक्का आहे. मोबाइलच्या निळ्या उजेडाची जेवढी चर्चा होते, तेवढी या ट्यूबलाइटची झाली पाहिजे. बऱ्याचदा डोळ्यात जास्त प्रकाश तीच ओतत असते.

कामाचं टेबल खिडकीला लागून आडवं ठेवणं, हा पैसा न लागणारा आणि माझ्या मते सर्वांत मोठा बदल आहे. नवीन वायरिंग करून घेत असाल तर हॉलमध्ये दोन वेगळी बटणं ठेवा: एक पांढऱ्या दिव्यांचं, दुसरं कमी वॉटच्या वॉर्म व्हाइट दिव्यांचं, तेही शक्यतो डोळ्याच्या पातळीखाली. नुसता पिवळा दिवा आणून भागत नाही, तो मंदही हवा.

घरात वयस्कर माणसं असतील तर हिशेब थोडा बदलतो. वयाबरोबर डोळ्यातलं भिंग पिवळं पडतं, निळा प्रकाश आत कमी जातो, त्यामुळे आजी-आजोबांना दिवसा तरुणांपेक्षा जास्त उजेड लागतो. त्यांची खुर्ची गॅलरीत किंवा खिडकीपाशी हवी. आणि रात्री त्यांच्यासाठी घर काळोखं ठेवणं धोक्याचं आहे. पलंगापासून बाथरूमपर्यंतच्या वाटेवर, जमिनीलगत, नारिंगी रंगाचे छोटे दिवे लावले तर पाय अडखळत नाही आणि झोपही फारशी मोडत नाही.