पिटा कायद्याची पूर्वपीठिका

मुंबईतले पोलीस, वकील, संस्थांचे कार्यकर्ते आणि वार्ताहर ज्याला 'पिटा' म्हणतात, त्या कायद्याचे कागदावरचे नाव 'अनैतिक व्यापार (प्रतिबंध) अधिनियम, १९५६'. इंग्रजी नावातली आद्याक्षरे पुढेमागे होऊन 'पिटा' रूढ झाले. मराठी कानाला ते 'झोडा' असे ऐकू येते आणि झोडायचे कोणाला, हाच या कायद्याचा जुना घोळ आहे. कलमे लिहिली जातात दलाल आणि मालकासाठी. छाप्यात सापडते ती खोलीतली बाई. गेल्या शंभर वर्षांतल्या बहुतेक दुरुस्त्या आणि निकाल हा घोळ थोडाथोडा सोडवण्यासाठी झाले आहेत, आणि त्यांतले कितीतरी मुंबईतल्याच एखाद्या प्रकरणातून निघाले आहेत.

१८६० च्या भारतीय दंड संहितेत माणूस गुलाम म्हणून विकणे-घेणे (कलम ३७०) आणि अल्पवयीन मुलीला वेश्याव्यवसायासाठी विकणे-घेणे (३७२, ३७३) हे गुन्हे पहिल्यापासून होते. ब्रिटिश सरकारला काळजी मात्र वेगळीच होती: गोऱ्या सैनिकांना आणि खलाशांना होणारे गुप्तरोग. त्यासाठी १८६८ चा सांसर्गिक रोग कायदा आला. बायकांची नोंदणी, ठरावीक मुदतीने सक्तीची तपासणी आणि रोग आढळला की 'लॉक हॉस्पिटल' म्हणजे गुप्तरोगांच्या रुग्णालयात रवानगी, अशी त्याची रीत. मुंबईत तो १८७० मध्ये लागू झाला, दोन वर्षांत गुंडाळला गेला, १८८० मध्ये पुन्हा आला आणि १८८८ मध्ये कायमचा गेला. नोंदणी टाळण्यासाठी बायका घरे बदलत, आणि खर्च कोणी उचलायचा यावर सरकार आणि महापालिकेचे जमत नसे. बाईला आणले कोणी, हा प्रश्न या कायद्यात कुठेच नव्हता.

१८६९ मध्ये सुएझ कालवा खुला झाल्यावर युरोपातल्या बायकांना घेऊन दलाल मुंबई बंदरात उतरू लागले. कामाठीपुऱ्यालगतची 'सफेद गल्ली' हे नाव त्या काळातले. १९०४ आणि १९१० चे आंतरराष्ट्रीय करार झाले तेही 'गोऱ्या गुलामां'च्या व्यापाराविरुद्ध. परदेशी दलालाला हद्दपार करण्यात पोलीस तत्पर असत. कोकणातून, घाटावरून किंवा दक्षिणेतून आणलेल्या मुलीच्या बाबतीत ती तत्परता दिसत नाही.

१९१७ मध्ये डंकन रोडवरच्या (आजचा मौलाना आझाद मार्ग) एका कुंटणखान्यात एका स्त्रीचा छळ करून खून झाला. पळून जायचा प्रयत्न हे कारण. या खटल्यातून धंद्याचे अर्थशास्त्र चव्हाट्यावर आले. बाईला लुगडे, दागिने, जेवण दिले जाई, ते कर्ज म्हणून तिच्या नावावर चढे, आणि कमाई मालकाच्या हातात असल्याने ते कधी फिटत नसे. आजही 'अ‍ॅडव्हान्स' या नावाने हेच चालते. शहरात गदारोळ झाला, १९२१ मध्ये सरकारने समिती नेमली आणि १९२३ मध्ये मुंबई वेश्याव्यवसाय प्रतिबंधक कायदा आला. त्याचा रोख दलाली, मुली आणणे आणि उघड गिऱ्हाईक बोलावणे यांवर होता. कुंटणखाना चालवण्यालाच बंदी १९३० च्या दुरुस्तीने आली. १९३४ मध्ये देवदासी संरक्षण कायदा झाला. ती प्रथा मोडण्याचा नवा कायदा महाराष्ट्राने २००५ मध्ये केला, यावरून पहिल्याचा अंमल किती झाला ते कळते.

स्वातंत्र्यानंतर राज्यघटनेच्या अनुच्छेद २३ ने माणसांचा व्यापार आणि वेठबिगारी यांना मनाई केली. भारताने १९५० मध्ये माणसांच्या व्यापाराविरुद्धच्या संयुक्त राष्ट्रांच्या १९४९ च्या करारावर सही केली. ती सही निभावण्यासाठी १९५६ चा कायदा झाला. तेव्हा त्याच्या नावात 'स्त्रिया व मुली' असे शब्द होते आणि बोलीत त्याला 'सिटा' म्हणत. १९८६ च्या दुरुस्तीने 'स्त्रिया व मुली'च्या जागी 'व्यक्ती' आल्या, मुलांविरुद्धच्या गुन्ह्यांची शिक्षा वाढली आणि 'सिटा'चा 'पिटा' झाला.

या कायद्यात वेश्याव्यवसाय हा स्वतः गुन्हा नाही. हे मुंबई उच्च न्यायालयाला २०२० मध्येही सांगावे लागले. गुन्हा आहे तो कुंटणखाना चालवणे (कलम ३: पहिल्या वेळी १ ते ३ वर्षे सक्तमजुरी), दुसऱ्याच्या वेश्याव्यवसायाच्या कमाईवर जगणे (कलम ४), मुलगी आणणे किंवा धंद्याला लावणे (कलम ५: ३ ते ७ वर्षे, मूल असेल तर किमान ७ वर्षे ते जन्मठेप), आणि डांबून ठेवणे (कलम ६). यांच्या शेजारी कलम ७ आणि ८ बसली आहेत: सार्वजनिक जागेपासून २०० मीटरच्या आत धंदा करणे आणि गिऱ्हाईक बोलावणे. ही दोन्ही थेट बाईवर लागतात. साक्षीदार शोधायला नको, साखळी उलगडायला नको. रस्त्यावर उभी दिसली की झाले. मुंबईत त्यापेक्षाही सोपी वाट महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या (पूर्वीचा मुंबई पोलीस अधिनियम) कलम ११०/११७ ची: असभ्य वर्तन, दंड भरा आणि जा. तो दंडही शेवटी घरवालीच्या (कुंटणखाना चालवणारीच्या) वहीत बाईच्या नावावर चढतो.

छापा कागदावर कसा पडतो आणि कोर्टात कसा मोडतो, ते समजल्याशिवाय पुढचे निकाल कळत नाहीत. खबर आली की बोगस गिऱ्हाईक ठरवले जाते. त्याला द्यायच्या नोटांचे नंबर पूर्वपंचनाम्यात लिहितात. तो आत जातो, पैसे देतो, खूण करतो. मग पथक शिरते. कलम १५ प्रमाणे वॉरंटशिवाय झडती घेता येते, पण दोन प्रतिष्ठित रहिवासी पंच म्हणून लागतात, त्यांपैकी एक स्त्री. पथकात किमान दोन महिला पोलीस हव्यात आणि सुटका झालेल्या स्त्रीची चौकशी महिला अधिकाऱ्याने, ती नसेल तर मान्यताप्राप्त संस्थेच्या महिला सदस्येसमोर करायची. तपास कलम १३ खाली नेमलेल्या विशेष पोलीस अधिकाऱ्याचा, म्हणजे किमान निरीक्षक दर्जाच्या. हे अधिकार दुसऱ्या कोणाला वापरता येणार नाहीत, असे सर्वोच्च न्यायालयाने साठच्या दशकाच्या सुरुवातीलाच सांगितले आहे. तरीही कनिष्ठ अधिकाऱ्याने तपास केला, महिला पंच नंतर सहीपुरती आणली, तेच ते पंच दहा केसमध्ये दिसले, नोटांचे नंबर दोन पंचनाम्यांत जुळले नाहीत, अशा कारणांनी खटले पडत आले. आरोपीच्या पिंजऱ्यात बहुधा मॅनेजर असतो. भाडेकरार भलत्याच्या नावाने आणि जागेचा मालक 'मला काय ठाऊक' म्हणून मोकळा.

त्या मालकासाठी कलम १८ आहे. सार्वजनिक जागेपासून २०० मीटरच्या आतली जागा असेल तर दंडाधिकारी सात दिवसांची कारणे दाखवा नोटीस देऊन ती रिकामी करवू शकतो. मग वर्षभर, आणि आत अल्पवयीन सापडली असेल तर तीन वर्षे, परवानगीशिवाय ती भाड्याने देता येत नाही. पैशाला थेट हात घालणारे हे कलम आहे. आमच्या मते सगळ्या कायद्यात सर्वांत कमी वापरलेले दातही हेच.

छाप्यानंतर काय, हा प्रश्न फेब्रुवारी १९९६ मध्ये अंगावर आला. एका वृत्तपत्रातल्या मजकुरावरून उच्च न्यायालयाने स्वतःहून दखल घेतली आणि कामाठीपुरा परिसरातून चारशेहून अधिक मुली-बायका सोडवल्या गेल्या. त्यांतल्या निम्म्याच्या आसपास नेपाळच्या. एवढ्या जणींना ठेवायला सरकारकडे जागाच नव्हती. त्यांना निरनिराळ्या संस्थांत आणि सुधारगृहांत वाटले, संमतीविना एचआयव्ही तपासणी केली, काही जणी तिथेच दगावल्या, काही पळाल्या. नेपाळ सरकार त्यांना परत घ्यायला पुढे येईना. शेवटी तिथल्या स्वयंसेवी संस्थांनी जबाबदारी घेतली. सुटका ही पोलिसी कारवाईइतकीच खाटा, डॉक्टर, दुभाषे आणि समुपदेशक यांची बाब आहे, हे त्या वर्षी सर्वांनी पाहिले. मुलांसाठीची १०९८ ही हेल्पलाइन टाटा समाजविज्ञान संस्थेच्या प्रकल्पातून मुंबईत सुरू झाली तीही १९९६ मध्येच.

दुसरा धडा २००२ चा. कामाठीपुऱ्यात १९८६ पासून काम करणारी 'प्रेरणा' संस्था उच्च न्यायालयात गेली. छाप्यात सापडलेल्या अल्पवयीन मुलींना पिटाच्या दंडाधिकाऱ्यापुढे उभे केले जाई, दलालाचाच वकील त्यांच्या वतीने अर्ज करी आणि 'नातेवाईक' त्यांना सोडवून नेत. ते नातेवाईक कोणाचे, हे वेगळे सांगायला नको. न्यायालयाने बजावले: अठरा वर्षांखालील मुलीवर दंडाधिकाऱ्याचा अधिकार चालणार नाही, तिला बालकल्याण समितीपुढे न्यायचे, आरोपीच्या वकिलाने पीडितेच्या बाजूने उभे राहायचे नाही, वय आधी ठरवायचे.

वय ठरवणे हा या सगळ्यातला सर्वांत नाजूक सांधा. बाल न्याय कायद्याच्या कलम ९४ मध्ये क्रम दिला आहे: शाळेचा किंवा शालान्त परीक्षेचा दाखला, तो नसेल तर स्थानिक संस्थेचा जन्मदाखला, आणि दोन्ही नसतील तरच हाडांची ओसिफिकेशन चाचणी. चाचणीत एक-दोन वर्षे इकडेतिकडे होतात. सतरा वर्षांच्या मुलीला 'एकोणीस सांग' असे पढवलेले असते आणि तिच्याजवळ तसे आधार कार्डही असते. ती सज्ञान ठरली की पोक्सोची (बाल लैंगिक अत्याचार प्रतिबंधक कायद्याची) कलमे गळतात, शिक्षा घटते, जामीन सोपा होतो. गावच्या शाळेतून दाखला मागवायला दोन आठवडे लागतात म्हणून थेट चाचणीला पाठवण्याची घाई अनेक खटल्यांना भोवली आहे.

सज्ञान स्त्रीचे काय? कलम १७ प्रमाणे तिला आधी तात्पुरते ताब्यात ठेवून परिविक्षा अधिकाऱ्याकडून (प्रोबेशन ऑफिसर) गृहचौकशी होते आणि दंडाधिकारी तिला एक ते तीन वर्षे संरक्षणगृहात पाठवू शकतो. म्हणजे दलाल महिन्याभरात जामिनावर बाहेर आणि ती देवनारच्या वसतिगृहात वर्षभर. सप्टेंबर २०२० मध्ये मालाडच्या एका गेस्ट हाउसमधून सोडवलेल्या तीन तरुणींच्या प्रकरणात उच्च न्यायालयाने असा आदेश रद्द केला: सज्ञान स्त्रीला तिच्या इच्छेविरुद्ध डांबता येणार नाही. मे २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही देहविक्रय करणाऱ्या स्त्रियांच्या सन्मानाबद्दल निर्देश दिले आणि छाप्यातले चेहरे दाखवू नयेत असे माध्यमांना बजावले. वसतिगृहात घालवलेले वर्ष खटल्यालाही मारक ठरते: ती बाई साक्षीला येते तेव्हा रागावलेली किंवा घाबरलेली असते, आणि फितूर होते. ताबडतोब दंडाधिकाऱ्यापुढे नोंदवलेला जबाब (पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम १६४, आता तिच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे १८३) त्यासाठीच महत्त्वाचा.

बांगलादेशी मुलींची गोष्ट आणखी किचकट. त्यांच्यावर विदेशी नागरिक कायद्याखाली गुन्हा लावला की पीडितेची आरोपी होते. मे २०१२ मध्ये केंद्रीय गृहमंत्रालयाने तसे न करण्याची सूचना दिली आणि २०१५ मध्ये दोन्ही देशांत सामंजस्य करार झाला. तरी नागरिकत्वाची पडताळणी, प्रवास परवाना आणि सीमेवरची सोपवणूक यांत महिने जातात. मुलीने पत्ता सांगितला तो दलालाने पाठ करवलेला पश्चिम बंगालचा असेल, तर सुरुवात पुन्हा पहिल्यापासून.

२०१३ पर्यंत कायद्याला माणसांचा व्यापार म्हणजे फक्त वेश्याव्यवसाय असेच वाटत होते. मदनपुरा, धारावी, गोवंडीच्या जरी कारखान्यांत बिहारमधून आणलेली मुले बसत, त्यांना बालकामगार कायदा लावला जाई आणि मालक दंड भरून सुटे. संयुक्त राष्ट्रांचा मानवी व्यापारविरोधी शिष्टाचार (प्रोटोकॉल) २००० चा; भारताने तो मान्य केला मे २०११ मध्ये. दिल्लीतल्या २०१२ च्या अत्याचारानंतर वर्मा समितीच्या शिफारशींवरून कलम ३७० नव्याने लिहिले गेले: भरती, वाहतूक, आसरा, हस्तांतर, स्वीकार हे पाचही टप्पे गुन्हा, आणि पीडितेची संमती गैरलागू. शिक्षा ७ ते १० वर्षे, अल्पवयीन असेल तर किमान १०. फेब्रुवारी २०१३ च्या अध्यादेशात 'सक्तीचे श्रम' हे शब्द होते. एप्रिलमधल्या अंतिम कायद्यातून ते गाळले गेले. तेव्हापासून जरीवाल्याविरुद्ध 'गुलामगिरीसदृश प्रथा' सिद्ध करावी लागते, आणि १९७६ च्या वेठबिगार कायद्याचा आधार घ्यावा लागतो. त्यात सुटलेल्या कामगाराला महसूल अधिकाऱ्याचे मुक्ती प्रमाणपत्र मिळाले तर ३० हजारांपर्यंत तातडीची मदत आणि पुढे एक ते तीन लाख रुपये मिळू शकतात. मुलाला आठवड्यात गाडीत बसवून गावी पाठवले आणि प्रमाणपत्र मुंबईच्या फायलीत राहिले, तर ते लाख कागदावरच राहतात.

१ जुलै २०२४ पासून ३७० ची जागा भारतीय न्याय संहितेच्या कलम १४३ ने घेतली. भीक मागायला लावणे हेही आता शोषणात मोजले जाते. मानवी व्यापाराविरुद्धच्या सर्वंकष कायद्याचे विधेयक जुलै २०१८ मध्ये लोकसभेत मंजूर झाले, राज्यसभेत आलेच नाही आणि २०१९ मध्ये बाद झाले. त्यामुळे पुनर्वसन अजून योजनांवर चालते: २००७ ची 'उज्ज्वला', आता 'शक्ती सदन'. अनुदान उशिरा आले की संस्थेचे समुपदेशक आधी कमी होतात.

दरम्यान धंदा कामाठीपुऱ्याच्या गल्ल्यांतून निघून उपनगरांतल्या लॉजमध्ये आणि मोबाइलवर गेला आहे. मुंबई पोलिसांच्या समाजसेवा शाखेच्या छाप्यात आता खोलीइतकाच महत्त्वाचा मुद्देमाल फोन असतो: चॅट, फोटो, ऑनलाइन पैसे. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०५ ने झडती-जप्तीचे चित्रीकरण बंधनकारक केल्याने 'सहीपुरत्या' पंचांचा जुना खेळ अवघड झाला. पण फोन पंचांसमोर सीलबंद झाला नाही किंवा भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चे प्रमाणपत्र हॅश व्हॅल्यूसह (फाइलमध्ये बदल झाला नाही हे दाखवणारा आकडा) जोडले नाही, तर दलालाच्या नावाचे सगळे चॅट पुराव्यातून बाहेर जातात, आणि फायलीत उरतो लॉजचा मॅनेजर.