व्हिडिओ गेम वर्गणी सेवांच्या संग्रहांतील प्रादेशिक फरक

ठरावीक मासिक किंवा वार्षिक रक्कम भरून कंपनीने खुल्या ठेवलेल्या संग्रहातील हवा तो गेम खेळण्याची मुभा देणाऱ्या सेवेला व्हिडिओ गेम वर्गणी सेवा म्हणतात. एकाच नावाने चालणाऱ्या अशा सेवेचा संग्रह भारतात एक, जपानमध्ये दुसरा आणि जर्मनीत तिसरा असू शकतो. या तफावतीला संग्रहातील प्रादेशिक फरक म्हटले जाते. तालुक्याच्या सार्वजनिक वाचनालयाचा सभासद जसा कपाटातील पुस्तकांचा मालक नसतो, तसाच येथील वर्गणीदारही गेमचा मालक नसतो आणि वर्गणी थांबली की खेळणेही थांबते. साम्य मात्र एवढ्यावरच संपते. वाचनालयाने पुस्तक एकदा विकत घेतले की ते त्याचे झाले. गेम सेवा आपल्या संग्रहातील बहुतेक गेम इतर प्रकाशकांकडून मुदतीच्या परवान्यावर घेते, आणि त्या परवान्यात मुदतीबरोबरच मुलूखही लिहिलेला असतो.

येथे ‘प्रदेश’ या शब्दाचा अर्थ नीट ध्यानात घ्यावा लागतो. प्रदेश म्हणजे खेळणारा बसला आहे ती जागा नव्हे, तर त्याचे खाते ज्या देशाच्या नावावर उघडले गेले तो देश. भारतात या सेवा राज्याराज्यांत किंवा जिल्ह्याजिल्ह्यांत भेद करत नाहीत; लातूरचा वर्गणीदार आणि मुंबईचा वर्गणीदार यांच्यापुढे एकच यादी उघडते. हा देश बदलण्याचे नियम कंपनीगणिक वेगळे आहेत. सोनीच्या प्लेस्टेशन या गेमयंत्राच्या खात्याचा देश एकदा नोंदला की बदलता येत नाही, मायक्रोसॉफ्टच्या खात्याचा प्रदेश तीन महिन्यांतून एकदाच बदलता येतो, तर निन्टेन्डो ही जपानी गेम कंपनी या बाबतीत बरीच सैल आहे. खाते उघडताना घाईघाईत निवडलेले देशाचे नाव पुढे वर्षानुवर्षे संग्रह ठरवत राहते, ही गोष्ट अनेकांना फार उशिरा कळते.

सोनीची प्लेस्टेशन प्लस ही सेवा 2010 मध्ये सुरू झाली आणि 2022 मध्ये तिची तीन पायऱ्यांत फेरमांडणी झाली. मायक्रोसॉफ्टचा गेम पास जून 2017 मध्ये, निन्टेन्डो स्विच ऑनलाइन सप्टेंबर 2018 मध्ये आणि ॲपल आर्केड सप्टेंबर 2019 मध्ये आले. गूगल प्ले पास 2019 मध्ये अमेरिकेत सुरू झाला. भारतात तो फेब्रुवारी 2022 मध्ये महिना 99 रुपये दराने पोहोचला.

फरकाचे सर्वांत जुने आणि आजही सर्वांत प्रबळ कारण म्हणजे प्रकाशनाचे हक्क. एकच गेम एका देशात एक कंपनी प्रकाशित करते, तर दुसऱ्या देशात दुसरी. 2019 मध्ये आलेला ‘सेकिरो’ हा गेम जपानमध्ये त्याच्या निर्मात्यानेच, म्हणजे फ्रॉमसॉफ्टवेअरने, प्रकाशित केला, तर अमेरिका आणि युरोपात त्याची प्रकाशक ॲक्टिव्हिजन होती. असा गेम वर्गणी संग्रहात घ्यायचा झाल्यास दोन ठिकाणी दोन वेगळे करार करावे लागतात, आणि त्यांपैकी एक फिसकटला की त्या देशाच्या यादीत रिकामी जागा राहते. शिवाय गेमच्या आत इतरांच्या मालकीच्या कितीतरी गोष्टी असतात: गाणी, खऱ्या मोटारींची नावे व आकार, क्रीडासंघांची चिन्हे. त्यांचे परवाने संपल्यावर गेम सगळीकडूनच जातो. ‘फोर्झा होरायझन 4’ डिसेंबर 2024 मध्ये विक्रीतून आणि गेम पासमधून गेला तो अशाच कारणाने.

हक्क किती बारीक वाटले जाऊ शकतात याचा उत्तम नमुना मायक्रोसॉफ्टने केलेल्या ॲक्टिव्हिजनच्या खरेदीत सापडतो. ब्रिटनच्या स्पर्धा नियामकाने एप्रिल 2023 मध्ये हा व्यवहार अडवला, तो मुख्यतः क्लाउडवरून, म्हणजे दूरच्या सर्व्हरवर चालवून इंटरनेटवरून, गेम पुरवण्याच्या बाजारात मक्तेदारी होईल या भीतीने. तोडगा असा निघाला की ॲक्टिव्हिजनच्या तेव्हाच्या आणि पुढील 15 वर्षांत येणाऱ्या गेमचे क्लाउड हक्क फ्रान्सच्या युबिसॉफ्ट कंपनीला विकायचे, मात्र युरोपीय आर्थिक क्षेत्र त्यातून वगळायचे, कारण त्या क्षेत्रासाठी मायक्रोसॉफ्टने युरोपीय आयोगाला 10 वर्षांच्या मोफत परवान्याचे वेगळे वचन आधीच दिलेले होते. ऑक्टोबर 2023 मध्ये व्यवहार पुरा झाला तेव्हा परिस्थिती अशी होती की गेमची मालकी एका कंपनीकडे, तोच गेम दूरच्या सर्व्हरवरून खेळवण्याचा हक्क जगाच्या मोठ्या भागात दुसरीकडे, आणि युरोपच्या एका पट्ट्यात तिसराच नियम. सातबाऱ्यावर नाव एकाचे, कसणारा दुसरा आणि पाण्याची पाळी तिसऱ्याची, हे चित्र मराठवाड्यातील वाचकाला अनोळखी वाटू नये.

दुसरे कारण वयोमर्यादेचे आणि कायद्याचे. अमेरिकेत ईएसआरबी, युरोपातील बहुतेक देशांत पेगी, जर्मनीत यूएसके, जपानमध्ये सेरो अशा वेगवेगळ्या संस्था गेमचे वर्गीकरण करतात आणि त्यांचे निकष जुळत नाहीत. ‘गोल्डनआय 007’ हा निन्टेन्डो 64 यंत्रावरील जुना गेम जानेवारी 2023 मध्ये अनेक देशांतील स्विच ऑनलाइनच्या वरच्या पायरीवरील वर्गणीदारांना नेहमीच्या संग्रहात मिळाला. जपानमध्ये मात्र प्रौढांसाठीच्या गेमकरिता ‘18+’ असे स्वतंत्र ॲप काढावे लागले आणि ते यायला नोव्हेंबर 2023 उजाडले. चीनमध्ये प्रत्येक गेमला सरकारी प्रकाशन क्रमांक लागतो, त्यामुळे जगभराची यादी तेथे जशीच्या तशी उतरत नाही. भारतात गेमसाठी चित्रपटांसारखे सक्तीचे प्रमाणन मंडळ नाही. येथे विकल्या जाणाऱ्या अनेक डिस्कवर युरोपच्या पेगीचाच आकडा छापलेला दिसतो. 2025 च्या ऑनलाइन गेमिंग कायद्याने पैशाच्या डावाचे खेळ बंद केले, परंतु केवळ वर्गणी घेऊन खेळू देणाऱ्या, पण पैज न लावणाऱ्या खेळांना त्याने वेगळे ठेवले आहे. वर्गणीचे पैसे आणि डावावर लावलेले पैसे यांतील हा भेद कायद्याच्या व्याख्येतच आहे.

जुन्या गेमच्या संग्रहांत फरकाला आणखी एक छटा येते. निन्टेन्डोच्या 1980 आणि 1990 च्या दशकांतील यंत्रांचे जपानी ॲप आणि पाश्चात्त्य ॲप वेगळे आहे, कारण मुळात त्या काळी कितीतरी गेम जपानबाहेर भाषांतरित होऊन गेलेच नाहीत. येथे कोणी अडवलेले नसते; जे दुकान त्या काळी उघडलेच नाही त्याच्या वखारीत माल असणार कसा, एवढेच. निन्टेन्डोचे स्विच यंत्र सहसा कोणत्याही देशाचे ॲप चालवते, म्हणून जपानी खाते उघडून तो संग्रह पाहणे तिच्या ग्राहकांत सर्रास चालते. भारतात कंपनीचे अधिकृत ऑनलाइन दुकानच नसल्याने येथील स्विचधारकाला परदेशी खात्यावाचून गत्यंतर नसते.

भारतीय वर्गणीदाराला सर्वाधिक जाणवलेला फरक मात्र एकेका गेमचा नसून पायरीचा आहे, आणि त्याचे मूळ तांत्रिक आहे. प्लेस्टेशन प्लसच्या सर्वांत वरच्या पायरीला अमेरिका, ब्रिटन, जपान अशा देशांत ‘प्रीमियम’ म्हणतात. प्लेस्टेशन 3 या जुन्या यंत्रावरील गेम नव्या यंत्रावर थेट चालत नाहीत, म्हणून प्रीमियममध्ये ते कंपनीच्या सर्व्हरवर चालवून त्यांचे चित्र इंटरनेटवरून पाठवले जाते. ज्या देशांत ही व्यवस्था नाही तेथे या पायरीचे नाव ‘डिलक्स’ झाले, त्यातून ते गेम वगळले गेले आणि दरही उतरवला गेला. भारतात 2022 मध्ये या पायऱ्या सुरू झाल्या तेव्हा इसेन्शियल महिना 499, एक्स्ट्रा 749 आणि डिलक्स 849 रुपयांना होती. परदेशी समीक्षणात ‘प्रीमियम’ची स्तुती वाचून येथे ‘डिलक्स’ घेणाऱ्याने त्या शेवटच्या पायरीच्या जादा पैशांत नेमके काय मिळते हे आधी तपासलेले बरे: मुख्यत्वे प्लेस्टेशन 3 हूनही जुन्या यंत्रांवरचे गेम आणि काही नव्या गेमची वेळेपुरती चाचणी.

गेम पासची गोष्ट याच वळणाची आहे. त्याची क्लाउड सेवा सप्टेंबर 2020 मध्ये 22 देशांत सुरू झाली. भारतात ती नोव्हेंबर 2025 मध्ये आली. मधल्या पाच वर्षांत कागदावरची यादी जवळपास सारखी असूनही प्रत्यक्षातला संग्रह वेगळा होता. ‘मायक्रोसॉफ्ट फ्लाइट सिम्युलेटर’ हा गेम मायक्रोसॉफ्टच्याच जुन्या एक्सबॉक्स वन यंत्रात बसत नाही, पण मार्च 2022 पासून क्लाउडमार्गे तो त्या यंत्रावर उघडू लागला. ही सोय लंडनच्या जुन्या यंत्राला मिळाली, नांदेडच्या जुन्या यंत्राला मिळाली नाही, आणि तरी दोघांच्याही यादीत गेमचे नाव होते. संग्रहांची तुलना केवळ नावे मोजून करणाऱ्या तक्त्यांवर विसंबू नये, ते यासाठी.

दरांतील फरक संग्रहाच्या फरकाशी बांधलेला आहे, कारण स्वस्त देशाची वर्गणी घेऊन महाग देशात खेळता येऊ लागले तर दोन्हींची गणिते कोसळतात. मराठवाड्याला या व्यवस्थेची जुनी ओळख आहे. निजामी राजवटीत सोलापूर इंग्रजी मुलखात आणि तुळजापूर संस्थानात होते. इकडे निजामाचा हाली शिक्का चाले, तिकडे इंग्रजांचा कलदार रुपया, आणि हद्दीवर करोडगिरीचे म्हणजे जकातीचे नाके माल तपासत. आजचा नाका म्हणजे गिफ्ट कार्डावरचा देशाचा ठसा: एका देशाचे कार्ड दुसऱ्या देशाच्या प्लेस्टेशन खात्यात भरता येत नाही. स्टीम या विक्रीमंचाने नोव्हेंबर 2023 मध्ये तुर्कस्तान आणि अर्जेंटिना येथील स्थानिक चलनातील दर बंद करून डॉलर लावले. चलनाची पडझड हे कारण होतेच, पण बाहेरचे ग्राहक खोटा पत्ता देऊन त्या स्वस्ताईवर तुटून पडत, हेही जगजाहीर होते. व्हीपीएन (आपण दुसऱ्या देशात असल्याचे इंटरनेटवर भासवणारी सोय) वापरून दुसऱ्या देशाची वर्गणी घेणे या सेवांच्या अटींत बसत नाही आणि खाते गोठवले जाण्याचा धोका ग्राहकावरच राहतो.

युरोपीय संघाने ही कुंपणे आपल्या सीमेत काही अंशी पाडली आहेत. एप्रिल 2018 पासून लागू झालेल्या नियमानुसार पैसे भरणारा वर्गणीदार संघातील दुसऱ्या देशात तात्पुरता गेला तरी त्याला घरचाच संग्रह मिळाला पाहिजे. मध्य आणि पूर्व युरोपात स्वस्तात विकलेल्या गेमच्या चाव्या, म्हणजे गेम सुरू करण्याचे सांकेतिक क्रमांक, इतरत्र चालू न दिल्याबद्दल जानेवारी 2021 मध्ये युरोपीय आयोगाने स्टीमची मालक वाल्व्ह आणि पाच प्रकाशक यांना मिळून 78 लाख युरो दंड केला, आणि वाल्व्हचे अपील 2023 मध्ये फेटाळले गेले. प्रताधिकाराच्या नावाखाली बाजाराची वाटणी करता येणार नाही, असा त्या निकालाचा रोख आहे.

मराठवाड्याच्या आठ जिल्ह्यांत यादी देशाची असली तरी तिच्यातले किती हाती लागेल हे इंटरनेटवर ठरते. क्लाउडवरून खेळताना दहा मेगाबिट प्रतिसेकंद वेग धरला तर तासाला साधारण साडेचार जीबी डेटा लागतो. रोज दीड जीबीचे रिचार्ज वीस मिनिटांत संपते. डाउनलोडची वाट धरावी तर शंभर जीबीचा गेम रोज दोन जीबी दराने उतरायला पन्नास दिवस लागतात, आणि तोपर्यंत महिन्याची वर्गणी संपून दुसरी सुरू झालेली असते. अंतराला दोष देण्यात अर्थ नाही. लातूर ते पुणे हे सव्वातीनशे किलोमीटरच्या आसपासचे अंतर प्रकाशतंतूतून कापायला संकेताला दोन मिलिसेकंदही लागत नाहीत. वेळ जातो तो शेवटच्या टप्प्यात: गर्दीच्या मोबाइल टॉवरवर, आणि वीज गेल्यावर बंद पडणाऱ्या राउटरवर. शहरात घरी फायबर असलेला विद्यार्थी आणि तांड्यावर मोबाइलच्या हॉटस्पॉटवर खेळणारा त्याचा वर्गमित्र यांना कंपनी एकच संग्रह विकते. वापरता मात्र दोघांना एकच येत नाही.

त्यामुळे येथे मोबाइलवरच्या लहान गेमच्या वर्गणीला व्यवहारी महत्त्व आहे. ॲपल आर्केडमधील बरेच गेम कंपनीने खास या सेवेसाठी घेतलेले असल्याने ते देशोदेशी फारसे बदलत नाहीत, आणि प्ले पासमधील कितीतरी गेम काहीशे एमबीत मावतात. वर्गणी भरण्याची अडचणही आता पूर्वीइतकी उरलेली नाही. ऑक्टोबर 2021 पासून रिझर्व्ह बँकेच्या नव्या नियमांमुळे कार्डावरची आपोआप कपात अनेक परदेशी सेवांबाबत अडखळली होती. यूपीआय ऑटोपेने ती वाट पुष्कळशी मोकळी केली.

आखाती देशांत नोकरी करून परतणारे लोक कन्सोल, म्हणजे गेमयंत्र, बरोबर आणतात तेव्हा या विषयाची एक खास गुंतागुंत पुढे येते. दुबईत उघडलेल्या प्लेस्टेशन खात्याचा देश परभणीत येऊनही अमिरातीच राहतो. त्यात भारतीय गिफ्ट कार्ड भरत नाही, आणि नवे भारतीय खाते उघडल्यास जुनी खरेदी व जिंकलेल्या ट्रॉफी जुन्याच खात्यात राहतात. पण त्या कन्सोलवर जुन्या खात्याचे ‘कन्सोल शेअरिंग’ चालू ठेवले तर त्याची वर्गणी जिवंत असेपर्यंत त्या खात्यावरून उतरवलेले गेम घरातल्या भारतीय खात्यांनाही खेळता येतात. अशा घरात एका यंत्रावर दोन देशांचे संग्रह शेजारी शेजारी नांदतात.