बरणीत चणे किती?

मागच्या उन्हाळ्यात ताई मुलाला घेऊन इंदूरला आमच्याकडे आली होती, भाचा सहावीत. दुपारी लाईट गेली, मोबाईलची बॅटरी संपली, मग मी त्याच्यापुढे काबुली चण्यांची बरणी ठेवली अन् म्हटलं, सगळे न मोजता सांग यात किती आहेत.

करायचं असं की 100 चणे काढून त्यांना स्केचपेनने लाल ठिपका द्यायचा, परत टाकायचे, मग एक मूठ काढून त्यात लाल किती ते बघायचं. मुठीत दहात एक लाल निघाला तर बरणीतही साधारण दहात एक, अन् लाल तर आपणच 100 टाकलेत, म्हणजे एकूण हजाराच्या आसपास.

पहिल्या मुठीत 80 पैकी 32 लाल! या हिशेबाने बरणीत 250 चणे, बघूनच कळत होतं की चुकलंय. लाल सगळे वरच पडून होते, आम्ही हलवलंच नव्हतं. मग परातीत ओतून नीट कालवले, तीनदा 80-80 काढले, दर वेळी परत टाकून कालवले, आले 8, 11 अन् 7. 240 मधे 26 लाल, म्हणजे 923. मग सगळे मोजले तर 968 निघाले. नुसत्या 11 वाल्या मुठीवर बसलो असतो तर 727 म्हटलं असतं. सॅम्पल चौपट केलं की अशी चूक साधारण निम्मी होते, पण न कालवल्याची चूक कितीही मोठ्या मुठीने जात नाही.

1802 मधे लाप्लास नावाच्या फ्रेंच गणितज्ञाने फ्रान्सची लोकसंख्या अशीच काढली, लाल चण्यांच्या जागी त्याने वर्षभरातले जन्म धरले. निवडक गावांत सुमारे 20 लाख लोक मोजले, तिथे वर्षाला एका जन्मामागे 28.35 माणसं निघाली, देशभरात वर्षाला 10 लाख जन्म धरले अन् आकडा आला 2 कोटी 83 लाख. घरी बसून अख्खा देश मोजला, मला हे फार भारी वाटतं.

अन् न कालवलेली मूठ बघायची असेल तर 1936 ची अमेरिकेतली राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक बघा, लँडन विरुद्ध रूझवेल्ट. लिटररी डायजेस्ट या मासिकाने कुणाला मत देणार हे विचारायला 1 कोटी लोकांना फॉर्म पाठवले, वीस लाखांहून जास्त परत आले, त्यावरून लँडन जिंकणार म्हणून छापलं, अन् रूझवेल्ट 48 पैकी 46 राज्यं जिंकला. नावं घेतली होती टेलिफोन अन् गाड्यांच्या यादीतून, मंदीत गरिबाकडे ते कुठून असणार? शिवाय फॉर्म भरून पाठवणारे वेगळे अन् न पाठवणारे वेगळे. आपण रविवारी सकाळी छप्पन दुकान या खाऊगल्लीत उभं राहून विचारलं की इंदुरात किती लोक बाहेर नाश्ता करतात, तर तेच होईल.

भाच्याने लगेच विचारलं, सिरपूर तलावावरचे पक्षी असेच मोजता येतील का? येतात, पकडून पायात कडी घालतात अन् परत पकडतात. पण चणे बरणी सोडून जात नाहीत, पक्षी मधेच उडून जातात, नवे येतात, कधी कडी गळून पडते, अन् एकदा पकडलेला पक्षी पुढच्या वेळी जाळ्याजवळ फिरकत नाही, मग कडीवाले कमी सापडतात अन् आकडा उगाच फुगतो.