न्यायाधीशाचा ग्रंथ आणि मांत्रिकाची पोथी

युरोपातील सैतान आणि चेटूक या विषयांवरील जुन्या पुस्तकांचा उल्लेख मराठीत आला, की बहुधा त्या सगळ्यांना 'काळ्या जादूची पुस्तके' असे एकच नाव मिळते. 'मॅलियस मॅलेफिकारम', म्हणजे 'चेटकिणींचा हातोडा', आणि 'क्लाव्हिक्युला सॉलोमोनिस', म्हणजे बायबलमधील सॉलोमन राजाच्या नावावर खपणारी 'सॉलोमनची किल्ली', ही दोन नावे तर पुष्कळदा शेजारी शेजारी येतात आणि दोन्हींत सैतानाला बोलावण्याचे मंत्र असावेत असा वाचणाऱ्याचा समज होतो. प्रत्यक्षात पहिल्या पुस्तकात सैतानाला बोलावण्याचा एकही विधी नाही आणि दुसरे पुस्तक ज्याच्या घरात सापडले असते, त्याला पहिल्याच्या लेखकाने आनंदाने कोठडीत टाकले असते. पहिल्या प्रकाराला सैतानशास्त्राचा ग्रंथ म्हणू; दुसऱ्याला फ्रेंचमध्ये ग्रिम्वार म्हणतात, आपण मांत्रिकाची पोथी म्हणू. दोन्हींचे लेखक ख्रिस्ती होते, पुष्कळसे लॅटिन शिकलेले होते आणि सैतान खरा आहे याविषयी दोघांनाही शंका नव्हती. गोंधळ होतो तो त्यामुळेच. फरक आहे तो सैतानाशी आपले नाते काय, आणि पुस्तक कोणाच्या हाती द्यायचे, या दोन प्रश्नांच्या उत्तरांत.

'हातोडा' लिहिला गेला तो एका फसलेल्या खटल्यानंतर. हाइनरिख क्रेमर या डॉमिनिकन धर्मगुरूने १४८५ साली इन्सब्रुक येथे हेलेना शॉयबेरिन आणि इतर काही स्त्रियांवर चेटुकाचा आरोप ठेवला. त्याने तिच्या खासगी आयुष्याविषयी असे प्रश्न विचारले, की चौकशीला बसलेली इतर मंडळीही अस्वस्थ झाली. आरोपींच्या वकिलाने कार्यपद्धतीतील दोष दाखवले आणि खटला मोडला. तेथील बिशप गेऑर्ग गोल्सर याने क्रेमरला प्रदेश सोडून जाण्यास सांगितले. म्हाताऱ्याची बुद्धी चळली आहे, अशा आशयाचा शेराही त्याने पत्रात मारला. अपमानित क्रेमरने यानंतर जो ग्रंथ रचला, तो १४८६ च्या अखेरीस जर्मनीतील स्पायर येथे छापला गेला. ग्रंथाच्या आरंभी त्याने पोप आठवा इनोसंट याचा १४८४ चा फतवा जोडला. हा फतवा ग्रंथाच्या दोन वर्षे आधीचा आहे आणि त्यात ग्रंथाचा उल्लेख असण्याचा प्रश्नच येत नाही. पण पहिल्याच पानावर पोपचे शब्द पाहून वाचकाने पुस्तकालाच पोपची मान्यता आहे असे समजावे, ही योजना उत्तम साधली. याकोब श्प्रेंगर हे सहलेखकाचे नाव १५१९ पासूनच्या आवृत्त्यांवर दिसते आणि त्याचा खरा वाटा किती, याविषयी अभ्यासकांत वाद आहे.

ग्रंथाचे तीन भाग आहेत. पहिल्यात चेटूक खरे असते हे विद्यापीठातील वादपद्धतीने, म्हणजे प्रश्न, आक्षेप आणि खंडन या क्रमाने, सिद्ध करण्याचा प्रयत्न आहे. दुसऱ्यात चेटकिणी काय काय करतात आणि त्यावर उपाय कोणते, हे सांगितले आहे. तिसरा भाग निव्वळ न्यायालयीन आहे: खटला कसा सुरू करावा, साक्षीदार कोणाला मानावे, यातना कधी द्याव्यात, शिक्षा कशी सुनवावी. आरोपी स्त्रीला जीवदानाचे आश्वासन देऊन कबुली घ्यावी आणि नंतर शिक्षा मात्र दुसऱ्या न्यायाधीशाने सुनवावी, म्हणजे वचन मोडल्याचा दोष पहिल्यावर येत नाही, असाही एक मार्ग तेथे सुचवला आहे. या एका सल्ल्यावरून पुस्तक कोणाला उद्देशून लिहिले आहे, हे कळते. त्यातील 'तू' हा न्यायाधीश आहे.

मांत्रिकाच्या पोथीतील 'तू' वेगळाच आहे. तो एकटा, अक्षरओळख असलेला, चोरून काहीतरी मिळवू पाहणारा पुरुष आहे. म्युनिकच्या बव्हेरियन राज्य ग्रंथालयात ८४९ क्रमांकाच्या लॅटिन हस्तलिखितात पंधराव्या शतकातील अशी एक पोथी जपलेली आहे. एखाद्या स्त्रीचे मन वळवणे, अदृश्य होणे, लोकांना नसलेला किल्ला दाखवणे आणि चोरी कोणी केली हे शोधणे, असे तिचे विषय आहेत. चोर शोधण्यासाठी लहान मुलाला चकचकीत केलेल्या नखात किंवा आरशात पाहायला लावायचे आणि त्याला दिसलेल्या आकृतींना प्रश्न विचारायचे, ही त्यातील रीत आहे. आपल्याकडे अंजन लावून चोर किंवा गुप्तधन पाहण्याच्या गोष्टी ज्यांनी ऐकल्या आहेत, त्यांना ती अगदीच परकी वाटणार नाही.

सॉलोमनच्या नावावर खपणाऱ्या पोथ्यांत तर साधनांची यादीच लांबलचक असते. उपवास, स्नान, पापांची कबुली आणि प्रार्थना करून साधकाने आधी शुद्ध व्हायचे. ठरावीक ग्रहाच्या होऱ्यात सुरी, वस्त्रे आणि कोरे चर्मपत्र तयार करायचे. जमिनीवर वर्तुळ आखून त्यात उभे राहायचे आणि देवाच्या नावांचा उच्चार करून आत्म्यांना आज्ञा द्यायची. सैतानाची पूजा यात नाही. उलट, देवाच्या अधिकाराने आपण दुष्ट आत्म्याला वेठीस धरतो आहोत, असा मांत्रिकाचा दावा आहे आणि भूत उतरवणाऱ्या पाद्रीचे शब्दच त्याने बोलावण्यासाठी वापरले आहेत. त्यात नवल नाही, कारण मध्ययुगात या पोथ्या बाळगणारे बहुतेक लोक स्वतःच चर्चच्या खालच्या पायरीवरचे धर्मसेवक होते. लॅटिन आणि धार्मिक विधी या दोन्हींचे शिक्षण इतरांना कुठून मिळणार?

चर्चला मात्र हा दावा मुळीच मान्य नव्हता. आत्म्याकडून काम करून घेणे म्हणजे, शब्दांत सांगितला नाही तरी, त्याच्याशी करारच होय, असे धर्मशास्त्रज्ञ थॉमस अक्वायनसने तेराव्या शतकात मांडले होते. १३७६ मध्ये इन्क्विझिशनसाठी, म्हणजे पाखंडाची चौकशी करणाऱ्या चर्चच्या न्यायालयासाठी, मार्गदर्शिका लिहिणाऱ्या निकोलस आयमेरिचने सॉलोमनच्या नावावरची पोथी जप्त करून, वाचून, जाहीरपणे जाळल्याचे नोंदवले आहे. १३९८ मध्ये पॅरिस विद्यापीठाच्या धर्मशास्त्र विभागाने जादूविषयीची २८ विधाने निषिद्ध ठरवली, आणि त्यांचा रोखही शिकलेल्या मांत्रिकांवरच होता. पुढच्या शतकात जे घडले, ते या विषयातील सर्वांत महत्त्वाचे वळण आहे असे मला वाटते. करार ही कल्पना पोथीवाल्या पुरुषांना दोषी ठरवण्यासाठी घासून तयार झाली होती. तीच आता गावातल्या निरक्षर स्त्रीला लागू करण्यात आली, जिच्याकडे ना पोथी होती, ना वर्तुळ, ना लॅटिन. तिच्या शेजाऱ्याची गाय आटली होती, एवढेच निमित्त पुरेसे ठरले.

हा भेद त्या काळच्या लोकांनाही ठाऊक होता. स्कॉटलंडचा राजा सहावा जेम्स याने १५९७ मध्ये 'डेमनॉलॉजी' हा संवादरूप ग्रंथ प्रसिद्ध केला. त्याचा पहिला भाग शिकलेल्या मांत्रिकांविषयी आणि दुसरा चेटकिणींविषयी आहे. चेटकीण ही सैतानाची दासी आणि मांत्रिक हा त्याचा धनी, असा लोकांचा समज राजाने त्यात नोंदवला आहे आणि लगेच तो फिरवलाही आहे: मांत्रिकाची हुकमत ही वरवरची असून करारापुरतीच चालते, सैतान काही काळ चाकरी करतो तो त्याचा आत्मा कायमचा मिळवण्यासाठी. जेम्स स्वतः १५९०-९१ च्या नॉर्थ बेरिकच्या चेटूक-खटल्यांत आरोपींच्या चौकशीला बसला होता, त्यामुळे त्याचा ग्रंथ पहिल्या प्रकारात मोडतो याविषयी शंका उरत नाही. त्याच पंक्तीत झां बोदांचा १५८० चा ग्रंथ बसतो. राज्याच्या सार्वभौमत्वाची आधुनिक व्याख्या करणारा हाच तो बोदां. बुद्धिमान माणूस या विषयात शिरला की अधिक धोकादायक होई, याचे याहून चांगले उदाहरण मला ठाऊक नाही. लॉरेनमधील न्यायाधीश निकोला रेमी याने तर १५९५ च्या ग्रंथात सुमारे ९०० जणांना शिक्षा झाल्याचा अभिमानाने उल्लेख केला आहे.

साधारण १४५० ते १७५० या काळात युरोपात चेटुकाच्या आरोपावरून ४० ते ६० हजार लोक मारले गेले, असा अंदाज आज बहुतेक इतिहासकार मानतात आणि त्यांत सुमारे तीन चतुर्थांश स्त्रिया होत्या. यांपैकी पोथी बाळगणारे फारच थोडे. ज्या पुस्तकाला लोक आज अधिक भितात, त्यामुळे कोणी क्वचितच मेले. ज्यात एकही मंत्र नाही, त्या प्रकारच्या पुस्तकांनी मात्र माणसे मारायला मदत केली.

दोन प्रकारांची सरमिसळ झाली ती एका तिसऱ्याच माणसामुळे आणि त्याचा हेतू याच्या नेमका उलट होता. योहान वायर हा क्लीव्हच्या ड्यूकचा वैद्य. तरुणपणी तो जादूविद्येवर ग्रंथ लिहिणारा विद्वान कॉर्नेलियस अग्रिप्पा याच्या घरी शिकत होता. अग्रिप्पाचा काळा कुत्रा म्हणजे प्रत्यक्ष सैतान, अशी वदंता होती; वायरने पुढे लिहून ठेवले आहे की तो साधा कुत्रा होता आणि त्याला दोरीला धरून आपण स्वतः अनेकदा फिरवून आणले आहे. १५६३ मध्ये बाझल येथे छापलेल्या त्याच्या ग्रंथाचे म्हणणे असे, की चेटकिणी म्हणून पकडलेल्या म्हाताऱ्या स्त्रिया आजारी किंवा भ्रमिष्ट असतात, त्यांना वैद्याची गरज आहे. शिक्षा द्यायचीच असेल तर पोथ्या उघडून बसणाऱ्या शिकलेल्या मांत्रिकांना द्या. वर उल्लेखलेला भेद याहून स्पष्टपणे त्या शतकात फारसा कोणी मांडला नाही. मांत्रिकांचे दावे किती पोकळ आहेत हे दाखवण्यासाठी त्याने १५७७ च्या आवृत्तीला एक पुरवणी जोडली. 'सैतानांची खोटी राजसत्ता' अशा अर्थाचे नाव असलेल्या या पुरवणीत ६९ सैतानांची पदे, रूपे आणि फौजा दिल्या आहेत. पूर्वेचा राजा बाएल, त्याला बेडूक, माणूस आणि मांजर अशी तीन डोकी, हाताखाली ६६ पलटणी, असा तो थाट. कोणी प्रत्यक्ष वापर करू नये म्हणून विधींतील काही भाग त्याने मुद्दाम गाळला.

केंटमधील जमीनदार रेजिनाल्ड स्कॉट याने १५८४ मध्ये चेटुकावरील विश्वासाची टर उडवणारा इंग्रजी ग्रंथ लिहिला, त्यात ही यादी भाषांतरित करून घातली. त्याच ग्रंथात हातचलाखीचे आणि मुंडके उडवल्याचा देखावा करण्याचे प्रयोग कसे करतात, हेही उलगडून दाखवले आहे. जेम्सने आपल्या प्रस्तावनेत वायर आणि स्कॉट या दोघांवर नावानिशी टीका केली. पण यादीचे पुढे काय झाले पाहा. सतराव्या शतकाच्या मध्यास इंग्लंडमध्ये 'लेमेगेटन' ही पोथी तयार झाली, तिच्या 'गोएशिया' या भागात ७२ सैतान आहेत, आणि त्यांचा मुख्य आधार स्कॉटचे भाषांतर हा आहे. याचा पुरावाही मजेदार आहे. वायरच्या यादीतील प्रुफ्लास हा सैतान स्कॉटच्या भाषांतरातून सुटला, त्यामुळे तेथे ६८ उरले; 'गोएशिया'तही प्रुफ्लास नाही, आणि व्हासागो, सीरे, डँटालियन व अँड्रोमॅलियस ही चार नावे वाढवून ७२ चा आकडा पुरा केला आहे. १६६५ मध्ये स्कॉटचा ग्रंथ पुन्हा छापताना तर एका अनामिकाने त्यात जादूविधींचे नवे अध्यायच घुसडले. थट्टा करण्यासाठी छापलेली यादी खऱ्या मांत्रिकांची सामग्री झाली, कारण हस्तलिखित पोथी मिळवणे जिकिरीचे आणि छापील पुस्तक विकत घेणे सोपे होते.

फ्रान्समध्ये उलट दिशेनेही देवाणघेवाण झाली. तेथे अठराव्या शतकापासून फेरीवाले स्वस्त छापील पोथ्या विकू लागले, आणि 'ग्रँड ग्रिम्वार'सारख्या पोथीत ल्युसिफ्यूज रोफोकाल या सैतानाशी उघड करार करण्याची कृती दिली गेली. न्यायाधीशांनी मांत्रिकांवर लादलेली करारकल्पना आता मांत्रिकांच्याच पुस्तकात विक्रीस आली. अशा पोथ्यांच्या मुखपृष्ठावरील जुनी साले बहुतेक खोटी असतात.

आजच्या गोंधळाला मात्र विसाव्या शतकातील प्रकाशन जबाबदार आहे. गूढविद्येचा इंग्रज अभ्यासक मॅथर्स याने तयार केलेले 'गोएशिया' अ‍ॅलिस्टर क्रॉली या मांत्रिकाने १९०४ मध्ये छापले, 'हातोड्या'चे इंग्रजी भाषांतर मॉन्टग्यू समर्सने १९२८ मध्ये केले आणि समर्सचा क्रेमरवर मनापासून विश्वास होता. दोन्ही पुस्तके तेव्हापासून गूढविद्येच्या एकाच कप्प्यात विकली जातात. चित्रांमुळे त्यात भर पडते: मांत्रिकांच्या प्राचीन पोथीतील म्हणून फिरणारी सैतानांची बरीचशी चित्रे लुई ल ब्रतोंने कोलां द प्लांसीच्या 'नरकाचा कोश' या पुस्तकाच्या १८६३ च्या आवृत्तीसाठी काढलेली आहेत, म्हणजे ती ना इन्क्विझिशनच्या काळातील आहेत, ना सॉलोमनच्या. हाती आलेले पुस्तक कोणत्या प्रकारचे, हे ओळखण्यासाठी मुखपृष्ठाचा उपयोग नाही. मधले कोणतेही पान उघडून त्यात आज्ञा कोणाला दिली आहे ते पाहावे: साक्षीदाराला काय विचारावे हे सांगितले असेल तर तो ग्रंथ न्यायाधीशाचा, आणि वर्तुळ कसे आखावे हे सांगितले असेल तर ती पोथी मांत्रिकाची. वायर आणि स्कॉट यांच्या पुस्तकांना हा नियम लावता येत नाही. ती पूर्णच वाचावी लागतात.