गिरणी कामगार युनियन (मुंबई)

मुंबईच्या कापड गिरण्यांतील कामगारांची मे 1928 मध्ये नोंदवली गेलेली संघटना. गिरणगावात ती लाल बावट्याची युनियन म्हणून ओळखली जाई. कामगारांच्या वतीने मालकांशी बोलायचे कोणी, या प्रश्नावर मुंबईत सुमारे शतकभर झगडा चालला. त्याचे सर्वांत ठाम उत्तर या युनियनने दिले.

कावसजी दावर यांनी 1854 मध्ये मुंबईत पहिल्या कापड गिरणीची कंपनी काढली. पुढे कोकणातून आणि घाटावरून आलेली माणसे जॉबरमार्फत, म्हणजे खात्यावरच्या मुकादमामार्फत, गिरणीत लागू लागली. भरती, रजा, बदली कामगाराला दिवसाचे काम मिळणे, सारे जॉबरच्या मर्जीवर असे; त्यासाठी त्याला दस्तुरी (वरकड पैसे) द्यावी लागे आणि तक्रारही त्याच्यापाशीच करावी लागे. सत्यशोधक कार्यकर्ते नारायण मेघाजी लोखंडे यांनी 1884 मध्ये परळला कामगारांच्या सभा भरवून आठवड्याची सुट्टी, दुपारची विश्रांती आणि वेळेवर पगार या मागण्यांच्या निवेदनावर सुमारे साडेपाच हजार सह्या घेतल्या. रविवारची सुट्टी 1890 मध्ये मिळाली. लोखंड्यांनी काढलेल्या कामगारांच्या संस्थेला वर्गणीदार सभासद वा लेखी नियम नव्हते, म्हणून काही अभ्यासक तिला युनियन मानत नाहीत. पण जॉबरला वगळून कामगार प्रथमच स्वतःच्या नावाने बोलले, हे तिचे मोल या आक्षेपाने कमी होत नाही.

टिळकांना शिक्षा झाल्यावर 1908 मध्ये गिरण्या सहा दिवस बंद राहिल्या. ट्रेड युनियन कायदा 1926 मध्ये झाला आणि त्याच वर्षी ना. म. जोशी यांची सनदशीर मार्गाने चालणारी युनियन उभी राहिली.

गिरणी कामगार युनियन जन्मली ती संपात. मालकांनी खर्च कमी करण्यासाठी विणकराला दोनऐवजी तीन साचे (कापड विणायचे माग) चालवायला लावण्याची योजना आणली. माणसे कमी होणार आणि उरलेल्यांच्या अंगावर काम वाढणार, हे कामगारांनी ओळखले. 26 एप्रिल ते 6 ऑक्टोबर 1928 या काळात सुमारे दीड लाख कामगार बाहेर राहिले. युनियनचे अध्यक्ष अर्जुन आत्माराम आळवे हे स्वतः गिरणी कामगार होते. सरचिटणीस श्रीपाद अमृत डांगे कम्युनिस्ट होते. जोशींच्या युनियनसह संयुक्त संप समिती झाली आणि सतरा मागण्या पुढे ठेवल्या गेल्या. एवढे महिने तग धरता आला तो गावाकडच्या आधारावर, चाळीतल्या शेजारावर आणि वाण्याच्या उधारीवर. उषाताई डांगे आणि पार्वतीबाई भोर यांनी गिरणीतील स्त्रियांना चळवळीत आणले. संपानंतर गिरणीगणिक समित्या झाल्या आणि खात्यातली तक्रार जॉबरऐवजी समितीकडे जाऊ लागली. युनियनचे खरे कर्तृत्व हेच म्हणावे लागेल. वर्षअखेर तिचे सभासद 54,000 झाले होते.

या एकजुटीत एक मोठी फट होती. साचेखात्यात, म्हणजे विणकामाच्या खात्यात, पगार चांगला. पण धोट्यातून (मागावर आडवे सूत नेणाऱ्या साधनातून) सूत ओढताना तोंड लावावे लागे, आणि विटाळाच्या नावाखाली सवर्ण विणकर अस्पृश्य कामगारांना तिथे येऊ देत नसत. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी 1928 च्या संपात हा प्रश्न उभा केला. संपाच्या नेत्यांनी ही मागणी स्वीकारली, मात्र फार नाखुशीने. वर्गाची भाषा बोलणाऱ्यांनी शेजारच्या खात्यातला हा अन्याय आपणहून पाहायला हवा होता. आंबेडकरांनी 1929 च्या संपाला विरोध केला, त्याला ही पार्श्वभूमी होती.

20 मार्च 1929 रोजी मीरत कटाच्या, म्हणजे सरकार उलथवण्याच्या कम्युनिस्ट कटाच्या, आरोपाखाली डांगे, आळवे यांच्यासह अनेकांना अटक झाली. पाठोपाठचा संप फसला आणि सभासदसंख्या झपाट्याने घसरली. 1934 मध्ये पुन्हा मोठा संप झाला. 7 नोव्हेंबर 1938 रोजी संपाच्या हक्कावर बंधने आणणाऱ्या औद्योगिक कलह विधेयकाविरुद्ध झालेल्या एक दिवसाच्या संपात मात्र आंबेडकरांचा स्वतंत्र मजूर पक्ष आणि कम्युनिस्ट एकत्र उतरले.

मुंबई औद्योगिक संबंध कायदा 1946 मध्ये झाला. त्याने एका उद्योगात एकच ‘प्रातिनिधिक’ युनियन मानली आणि वाटाघाटींचा हक्क तिलाच दिला. ही मान्यता काँग्रेसच्या गोटातील राष्ट्रीय मिल मजदूर संघाकडे गेली. मान्यता ठरे सभासदांच्या नोंदींवर, गुप्त मतदानाने नव्हे. त्यामुळे लाल बावट्याच्या मागे माणसे असली तरी वाटाघाटीच्या टेबलावर तिला जागा नव्हती. असे असूनही संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात गिरणगाव अग्रभागी राहिले.

डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली 18 जानेवारी 1982 रोजी सुमारे अडीच लाख कामगार संपावर गेले. पगारवाढीबरोबर 1946 चा हा कायदा रद्द करावा, अशीही त्यांची मागणी होती. सामंतांच्या संघटनेचे नाव महाराष्ट्र गिरणी कामगार युनियन होते. गिरण्या ओस पडल्या, कामगार सामंतांच्या मागे उभे राहिले. तरीही त्यांच्या वतीने करार करण्याचा कायदेशीर हक्क संपभर मजदूर संघाकडेच राहिला.